भुंग्याचा एकच सूर

गल्लीतले लोक त्याला भुंगा म्हणायचे, आणि त्याच्या थोरल्या बहिणीला ते नाव फारच सौम्य वाटायचं. भुंगा निदान उडून तरी जातो. हा बाबा गेली बावीस वर्षं मागच्या खोलीत ठाण मांडून बसला होता. जुन्या ऑर्गनच्या एका पट्टीत लाकडी पाचर मारून ती दाबून ठेवायची, निघणारा आवाज विजेच्या चार खोक्यांतून घोळवायचा आणि त्याला संगीत म्हणायचं. चाळीस मिनिटं एकच सूर! बहीण बाइंडिंगच्या कारखान्यात दिवसभर पुस्तकं शिवायची. आमचं शिलाईयंत्र याच्यापेक्षा सुरेल आहे, असं ती तिथल्या बायकांना सांगे. दुसऱ्याची री ओढणारे तिनं पुष्कळ पाहिले होते, हा मेला स्वतःचीच ओढत बसला होता.

साथीदार आले, नाही असं नाही. चेलोवाल्यानं दोनदा बोट हलवलं म्हणून त्याला घरी पाठवला. ड्रमवाल्याला सांगितलं, वाजवू नकोस, नुसता उभा राहा. तो बिचारा दोन कार्यक्रम उभा राहिला, मग त्याला कळलं की हे काम खांबही करतो. तरी परगावाहून बोलावणी यायची. पन्नासेक माणसं डोळे मिटून ऐकायची. त्यातली निम्मी झोपलेली असायची, असं बहिणीचं ठाम मत.

शेवटी साथीला तीच उरली. वडील तेव्हा अंथरुणाला खिळले होते. आयुष्यभर त्यांनी कपडे शिवले आणि कापड बेतताना स्वतःच जुळवलेलं एक गाणं म्हटलं. ते गाणं भावाला रेकॉर्डिंगसाठी हवं होतं. यंत्र खाटेशी लावून तो पाय मोकळे करायला गेला, आणि ती गायला बसली. तिसऱ्या कडव्यात ओळ आठवेना, म्हणून तिनं नुसता 'आ' लांबवत ठेवला. तेव्हा महिनाभर तोंडातून शब्द न काढलेल्या वडिलांनी हळूच ती ओळ सांगितली. भावाला ती काही बोलली नाही. ऐकेल आपल्याच कानांनी, असं मनाशी म्हणाली. आठवड्यानं वडील गेले. नंतर ती चार महिने रेकॉर्डिंग मागत राहिली, आणि काम चालू आहे, एवढंच उत्तर मिळत राहिलं.

काम पुरं झालं तेव्हा कार्यक्रमाला त्यानं तिला पहिल्या रांगेत बसवलं. तिचा तोच 'आ' चाळीस मिनिटं घुमला. आता बाबा बोलतील, आता बोलतील, म्हणून ती कानात प्राण आणून बसली. बाबा बोललेच नाहीत.

टाळ्या पडल्या. शेजारची बाई डोळे पुसत म्हणाली, केवढं दुःख आहे या आवाजात. दुःख कसलं, शब्द विसरले होते मी, असं तिला सुनावून बहीण थेट मंचावर गेली. तो वायरी गुंडाळत होता.

"बाकीचं गाणं कुठाय?"

"गाणं नको होतं गं ताई, सूर हवा होता. बाकीचं पुसलं. त्यातून मध्येच कुणीतरी बोललेलं. ते काढता काढता नाकी नऊ आले."

"कुणीतरी?"

त्याचे हात थांबले.

"बावीस वर्षं कान तयार करतोयस," ती म्हणाली, "आणि बापाचा आवाज ओळखला नाहीस."

तिनं पिशवी उचलली. ती दारापर्यंत पोचली तेव्हा मागे कुणीतरी त्याला पुढच्या कार्यक्रमाबद्दल विचारत होतं, आणि तो सविस्तर उत्तर देत होता.