नववं प्रकरण पुण्याला गेलं

सर पेनाला टोपण लावायचे आणि म्हणायचे, "आता नुसत्या गप्पा." समोरचा माणूस मग सैल व्हायचा. साक्षीला आलेला असो की जामिनावर सुटलेला, टोपण लागलं की तो खरं बोलायला लागायचा. तुमच्याही ओळखीत असा एखादा असेल, ज्याच्यापुढे आपण ठरवलं होतं त्यापेक्षा जास्त बोलून जातो.

शेवगावात कोर्टासमोर माझं टायपिंगचं दुकान आहे. अर्ज, प्रतिज्ञापत्रं, भाडेकरार, हेच काम. सर पुण्याला गुन्हेगारीशास्त्र शिकवून निवृत्त झाले आणि बायकोच्या माहेरी, शेवगावात राहायला आले. गुन्हा आणि समाज यावर त्यांची दोन पुस्तकं आधी छापलेली होती. तिसरं आपल्या जिल्ह्यावर चाललं होतं. गुन्हा एकटा माणूस करतो, पण त्याची तयारी गाव बरीच वर्षं करत असतं, असं त्यांचं म्हणणं. कोर्टासमोर बसणाऱ्या कुणालाही ते पटेल. मलाही पटायचं.

लिहिलेलं प्रकरण ते फाइलीत घालून आणायचे. खिशात भाजलेले शेंगदाणे. अर्धे माझ्या टेबलावर ओतायचे आणि टरफलं स्वतः उचलून न्यायचे. एवढं करणारं गिऱ्हाईक मी दुसरं पाहिलेलं नाही.

पुस्तकातली खरी नावं बदलायचं काम माझ्याकडे होतं. "नावं तुम्ही ठेवा बाई, मला सुचत नाहीत." माझ्या एका चुलत सासऱ्यांनी लग्नात मानपानावरून पंगत अडवली होती. त्यांचं नाव मी दोन दरोड्यांना आणि एका खोट्या सहीला दिलं.

सरांनी वाचून चष्मा वर केला. "हे दत्तोबा फार वेळा येतात हो."

"सराईत आहेत, सर."

ते बराच वेळ हसत होते. दत्तोबा तसेच ठेवले.

एका मे महिन्यात, कोर्टाला सुट्टी, दुपारी लाइट गेलेली, मशीन बंद. सर फाइल घेऊन आले आणि बसून राहिले. बोलता बोलता पाटपाण्यावरून होणाऱ्या मारामाऱ्यांचा विषय निघाला. मी म्हणाले, "सर, हे पुस्तकासाठी नाही." त्यांनी टोपण लावलं.

मग मी भावाचं सांगितलं. आमच्या गावात पाण्याच्या पाळीवरून भांडण झालं, भावाच्या हातात फावडं होतं आणि शेजारचा माणूस गेला. भाऊ पळाला नाही. पोलीस येईपर्यंत त्या माणसाच्या डोक्यावर टॉवेल धरून उन्हात बसून राहिला. सात वर्षं आत काढली. आत गेला तेव्हा त्याची मुलगी दोन वर्षांची होती. वहिनी तिला घेऊन श्रीरामपूरला गेली. पप्पा सुरतला मिलमध्ये आहेत, असं आम्ही सगळ्यांनी तिला सांगितलं. सुटल्यावर भावाने श्रीरामपुरात मोटारी भरायचं दुकान टाकलं, शेतातल्या पाण्याच्या मोटारी जळाल्या की नवी तार गुंडाळून द्यायची. मुलीला एकदा खरं सांगायचं, एवढंच त्याच्या मनात. ती बी.ए. झाली की सांगतो, म्हणायचा.

सरांनी सगळं ऐकलं. एक शब्द लिहिला नाही. जाताना म्हणाले, "भाऊ चांगला आहे तुमचा."

पुस्तक संपत आलं तेव्हा माझ्याकडे आठवं प्रकरण आलं आणि मग थेट दहावं. मला वाटलं, आकडा चुकला.

"सर, नववं राहिलं."

"नववं पुण्याला दिलंय. तिकडे एकाला काम हवं होतं."

मी पुढचा कागद लावला.

छापलेलं पुस्तक सरांनी स्वतः आणून दिलं, पेढ्यांसकट. सुरुवातीच्या आभारात माझं नाव होतं, दुकानाच्या पत्त्यासह. माझं नाव त्याआधी फक्त लग्नपत्रिकेत छापलं गेलं होतं. मी दुसरी प्रत विकत घेतली आणि श्रीरामपूरच्या एसटीत ओळखीच्या कंडक्टरकडे दिली. भाची समाजशास्त्र घेऊन बी.ए. करत होती. आत चिठ्ठी घातली, "आत्याचं नाव बघ."

तिने नाव पाहिलं. मग पुस्तक वाचलं. नवव्या प्रकरणात पाटपाण्यावरून खून करणारा एक तरुण होता. नाव बदललेलं. फावडं होतं, टॉवेल होता, सुरतची मिल होती, आणि कोर्टासमोर टायपिंग करणारी त्याची बहीण होती.

मला कळलं ते भाचीच्या फोनवरून. "आत्या, पप्पा सुरतला कधीच नव्हते ना?"

मी पुस्तक उघडून नववं प्रकरण तेव्हा वाचलं. उभ्यानेच. मग दुकानाचं शटर ओढलं आणि सरांच्या घरी गेले.

"नाव बदललंय मी," सर म्हणाले.

"नववं पुण्याला का दिलं?"

ते खुर्चीत जरा सावरून बसले. "तुम्ही अडवलं असतं."

"हो."

"बाई, पुस्तकातलं सगळ्यात चांगलं प्रकरण आहे ते. तुमच्या भावाला कोर्टानंसुद्धा इतकं समजून घेतलं नव्हतं."

हे खरं होतं, म्हणून मला जास्त राग आला. त्यांच्या बायकोने पाणी आणलं. मी न पिता उठले.

आठवड्याने भाऊ दुकानात आला. बाकावर बसला. चहा मागवला तर नको म्हणाला. पुस्तक त्याने वाचलेलं नव्हतं.

"आक्का, त्यात मी कसा हाय?"

"चांगला हायस. टॉवेल धरून बसला होतास ते लिहिलंय."

"हां." तो रस्त्याकडे बघत राहिला. "ते मी सांगणार हुतो तिला. सगळ्यात आधी तेच सांगायचं ठरवलं हुतं."

टॉवेलचं मीच सांगितलं होतं, आणि पुस्तकही मीच पाठवलं होतं.

सर पुन्हा दुकानात आले नाहीत. कधी बाजारात दिसले तर मान हलवायचे. मीही हलवायचे. पुढच्या हिवाळ्यात ते गेले. वाचनालयात शोकसभा झाली. एक वकील म्हणाले, ज्यांचं कुणी ऐकत नाही त्यांचं सरांनी ऐकलं. मी मागे बसले होते. पुस्तकात नाव असल्यामुळे मलाही दोन शब्द बोलायला उभं केलं.

"सरांचं अक्षर सुवाच्य होतं," मी म्हणाले. "टाइप करताना कधी अडलं नाही." आणि खाली बसले.

तिथून मी श्रीरामपूरची गाडी धरली. हल्ली महिन्यातून एकदा जाते. त्या दिवशी वहिनी धरून आम्ही चौघं जेवायला बसलो. भाऊ आणि भाची समोरासमोर, मध्ये हातभर अंतर. तिने वाढता वाढता पातेलं माझ्याकडे सरकवलं.

"आत्या," ती म्हणाली, "त्यांना विचार, आमटी हवी का."

मी भावाला विचारलं. तो म्हणाला, "हवी म्हणून सांग."