शेवटचं पान आधी

हिंगणघाटच्या स्टँडबाहेर ट्रॅव्हल्सची बस उभी होती आणि बाबा माझ्या सामानाभोवती फिरत होते. सूटकेस, गादीची वळकटी, डब्यांची पिशवी आणि सर्टिफिकेटांची फाइल, जी मी पोटाशी धरून ठेवली होती. बाबांचं शाळेसमोर स्टेशनरीचं दुकान होतं, त्यामुळे वस्तू मोजून देणं आणि मोजून घेणं हा त्यांचा स्वभावच. आई स्टँडवर आली नव्हती. रडेल म्हणून नाही. दुकानात बसायला कोणी नव्हतं म्हणून. "रडत नको बसू," बाबा म्हणाले, "रडत बसली त सामान जाते." आणि बस हलताना खिडकीखाली येऊन, "उतरताना मांगं पाहून घेजो, काही राहिलं त नाही."

मी रडले नाही. पुण्यात उतरले तेव्हा सगळं सामान जागच्या जागी होतं. त्या सकाळपासून मी याद्या करते.

आधी वारजे, एका खोलीत चौघी, कॉट बेसिसवर. लग्नानंतर बिबवेवाडी, पिठाच्या गिरणीच्या वर, जिथे आमच्या फरशीला दिवसभर थरथर असायची. मग वाघोली, कारण माझा कारखाना नगर रोडवर पुढे आणि नवऱ्याचं ऑफिस खराडीला. इथे आलो तेव्हा बाल्कनीतून ज्वारी दिसायची. आता समोरच्या बिल्डिंगमधल्या बाईंचं स्वयंपाकघर दिसतं, आणि त्यांना माझं. कारखान्यात मी प्लॅनिंग बघते: कोणता माल कधी येणार, कोणती मशीन कधी रिकामी होणार. घरीही तेच. टँकर कधी, मेड कधी, गॅस कधी. सगळं वेळेवर होतं आणि तरी मला कुठे पाठ टेकून बसता येत नाही. कपाटावर एक बॅग कायम भरून ठेवलेली असते. दोन कपडे, टॉवेल, चार्जर, औषधं. कुठे जायचं असतं असं नाही. तुमच्यापैकी जे माझ्यासारखे तिकडून इकडे आलात, त्यांच्या कपाटावरही अशी एखादी बॅग असेल, असा माझा अंदाज आहे.

सोसायटीच्या क्लब हाउसमध्ये मुलांचं वाचनालय मी सुरू केलं ते या अस्वस्थपणातूनच. रविवारी हातांना काम हवं होतं. एका बाबतीत मात्र मी पहिल्यापासून ठाम होते. चित्रांची पुस्तकं संपली की आपली मुलं थेट गाईडांवर येतात. मला मधलं हवं होतं: किशोरांच्या कादंबऱ्या, ज्यांत एक घर असतं, घरातल्या माणसांचं आपसात पटत नसतं, आणि मधल्यामध्ये एक मुलगी किंवा मुलगा आपण नेमके कोण हे शोधत असतो. बाबांच्या दुकानात असली पुस्तकं नव्हती. खपत नाहीत, म्हणायचे. मी गाईडं वाचून मोठी झाले. घर सोडताना माणसाच्या आत काय होतं, हे मला कोणी आधी वाचायला दिलं नव्हतं.

पुस्तकं निवडायची माझी पद्धत सोपी होती. अप्पा बळवंत चौकात दुकानात उभ्याउभ्याच शेवटचं पान आधी वाचायचं. मला एवढंच बघायचं असायचं, की पोर शेवटी घरी येतं की नाही. येत असेल तर पुस्तकावर पिवळा स्टिकर. येत नसेल, किंवा येतं पण घरच मोडलेलं असेल, तर निळा. निळी पुस्तकं आठवीच्या वरच्यांना. लहान मुलांना धक्का बसू नये हा हेतू. कारखान्यात मालाला रंगाच्या चिठ्ठ्या लावतो तसंच.

पोरांना हे ओळखायला एक रविवार पुरला. पिवळं पुस्तक हातात घेतलं की एकमेकांना सांगायची, येते ही घरी, काळजी नको. वाचनालयात माझ्या जोडीला बसणारे दामले काका मूळचे सदाशिव पेठेतले, मुलाने वाघोलीत फ्लॅट घेतला म्हणून इथे आलेले. "मी आधी पुण्यात राहायचो," असं ते आजही सांगतात, जणू मध्ये समुद्र आहे. ते चष्म्यावरून बघत म्हणाले, "अहो ज्योतीताई, तुम्ही वाचनालय चालवताय की निकाल लावताय? पोरगी घरी पोचली, हे कव्हरवरच. आता आत काय वाचायचं, हवामान?"

माझी मुलगी ओवी तेव्हा नववीत होती. तिने खोबरेल तेल आणि चमचा घेऊन दुपारभर बसून सगळे स्टिकर काढले. पुस्तकांना बरेच दिवस तेलाचा वास येत होता.

दुसरा नियम टिकला. पुस्तक परत करण्याआधी त्यातलं एक प्रकरण घरातल्या मोठ्या माणसाला वाचून दाखवायचं. आमच्या सोसायटीत मुलाकडे राहायला आलेले आजी-आजोबा पुष्कळ. कोणी लातूरचे, कोणी अकोल्याचे; लिफ्टमध्ये भेटले की गावाचं नाव आधी सांगतात, स्वतःचं मागाहून. त्यांना ऐकायला काहीतरी मिळालं. ओवीचं वाचन ऐकायची पाळी माझी होती, पण संध्याकाळी माझ्या हातात पोळ्या आणि डोक्यात दुसऱ्या दिवसाचं वेळापत्रक. मी म्हटलं, हिंगणघाटच्या आबाजींना फोन लाव, त्यांना वाचून दाखव, तेही घरातलेच.

आई गेल्यावर बाबांनी दुकान बंद केलं होतं. माझा त्यांना रोज फोन असायचाच: जेवलात का, गोळी घेतली का, दार लावलं का. त्यांची तीन उत्तरं हो, हो, हो. ओवीने स्पीकरवर वाचायला सुरुवात केली आणि मला कळलं, या माणसाकडे बोलायला बरंच काही आहे. एक प्रकरण पुरेना. पूर्ण कादंबऱ्या होऊ लागल्या. बाबा मध्येच थांबवायचे. पोरगं घरातून रागाने निघालं की, "जेवलं होतं काय ते?" एखादी मुलगी आईशी अबोला धरायची, तर आईच्या बाजूने भांडायचे. पुस्तकातल्या एका वडिलांवर ते इतके चिडले होते, की दोन संध्याकाळी त्यांनी त्याचं नाव घेतलं नाही, "तो मानूस" म्हणायचे. ओवी खदाखदा हसायची. माझ्याशी बोलताना ती इतकी हसत नाही.

एकदा मी मिक्सरमध्ये चटणीचं सामान घालत होते आणि फोनमधून बाबांचा आवाज आला. "ओवी, तुयी पुस्तकं आयकली मी. सगळी पोरं घरून जाते. कोणी कोणाच्या घराकडे नाही जात काय?"

मी मिक्सर सुरू केला.

दहावीचा निकाल लागला त्या आठवड्यात, जेवताना तिने सांगितलं. अकरावी-बारावी हिंगणघाटला करायची. आर्ट्स तिथेही आहे, तिने चौकशी केली आहे, आबाजींकडे राहणार. नवरा म्हणाला, दोन वर्षांचाच तर प्रश्न आहे, आणि आमटी वाढून घेतली. मी कारणं मोजून दाखवली. उन्हाळा, पाणी, मैत्रिणी, इंग्लिश, पुढे ॲडमिशनला होणारा त्रास. तिच्याकडे प्रत्येकाला उत्तर होतं; माझीच मुलगी. शेवटी मी म्हटलं, आबाजींना सोबत हवी म्हणून तू जाऊ नकोस, त्यांची सोय मी बघेन.

"त्यांच्यासाठी नाही जात गं. मला जायचंय."

"इथे काय कमी आहे?"

"कमी काही नाही. तू तिथून निघालीस आणि मग आम्हाला दर दिवाळीत चार दिवस दाखवायला नेलंस, म्युझियम असल्यासारखं. मला तिथे कंटाळा येईपर्यंत राहून बघायचंय."

"हे वाक्य कुठल्या पुस्तकातलं?"

"कुठल्याच नाही. माझं आहे."

मी ताट उचलून आत गेले. भांडी सकाळी मेड घासते, तरी नळ सोडला. ज्या गावातून बाहेर पडण्यासाठी मी डिप्लोमा केला, चौघींच्या खोलीत राहिले, बोलणं बदललं, तिथे माझी मुलगी हट्टाने परत निघाली होती. आणि तिच्या हातात पुस्तकं मी दिली होती, वाचून दाखवायचा नियम मी केला होता, फोन लावायलाही मीच सांगितलं होतं.

दुसऱ्या दिवशी कारखान्याच्या जेवणाच्या सुट्टीत, पार्किंगमध्ये उभी राहून मी बाबांना फोन केला. म्हटलं, तुम्ही तिला नाही म्हणा, तुमचं ऐकेल.

"म्हटलं ना. तीनदा म्हटलं. इथं काय ठेवलं हाय म्हटलं, भाजून निघशील." मग, "तू बी कुठं आयकलं होतं."

"तुम्ही मला थांबवलंच नव्हतं, बाबा."

"थांबवलं असतं त थांबली असती काय?"

मी विचारलं, तुम्हाला स्वतःला काय वाटतं ते तरी सांगा.

"मले वाटते तिनं यावं," बाबा म्हणाले. "म्हणून त तिले नाही म्हणतो."

पार्किंगमध्ये ट्रक रिव्हर्स घेत होता, त्याचा तो टुंग टुंग आवाज मला आजही तसाच आठवतो. मी फोन ठेवला. संध्याकाळी घरी आल्यावर कपाटावरची बॅग खाली काढली, त्यातले माझे कपडे बाहेर ठेवले आणि रिकामी बॅग ओवीच्या पलंगावर ठेवून दिली. तिने बॅगेकडे बघितलं, माझ्याकडे बघितलं, आणि बॅगेची चेन उघडली. आमच्या घरात असंच चालतं.

जूनमध्ये नगर रोडवर दुपारची ट्रॅव्हल्स. मी सामानाभोवती एक फेरी मारली. ओवी म्हणाली, "आई, मी मोजलंय." ती खिडकीत बसली, हात हलवला, मी हलवला. निरोप देऊन झाला आणि बस मात्र तिथेच. पुढे केसनंद फाट्यापर्यंत ट्रॅफिक. आम्ही परत एकदा हात हलवले. मग दोघींना लाज वाटली आणि दोघींनी आपापल्या फोनमध्ये बघितलं. बस सरकली तशी मी फुटपाथ नसलेल्या त्या रस्त्याच्या कडेने चालायला लागले. काही अंतर तर मी बसच्या पुढे होते. मागे वळून बघितलं तर ती काचेला नाक लावून हसत होती. मग रस्ता मोकळा झाला.

तुम्ही जे तिकडेच राहिलात त्यांना हे वाचून हसू येईल. तुमच्या दारात आमची पोरगी सायकल लावते आणि आम्ही इथे ती जेवली का म्हणून फोन करतो. माझी तीन प्रश्नांची सवय सुटलेली नाही, आणि तिचीही उत्तरं हो, हो, हो. घर म्हणजे काय असं मला पूर्वी विचारलं असतं तर मी वाघोलीच्या फ्लॅटचा पत्ता पिनकोडसकट सांगितला असता. आता संध्याकाळी पोळ्या झाल्या की मी फोन ओट्यावर टेकवून ठेवते आणि उभीच राहते.

कारण नियम उलटा झाला आहे. वाचते ती तिथून, ऐकायचं मी. गेल्या महिन्यात अप्पा बळवंत चौकातून नवी कादंबरी घेतली. सवयीने मागचं पान उघडलं, पहिला शब्द दिसला, आणि पुस्तक मिटून पैसे दिले. तसंच हिंगणघाटला कुरिअर केलं. दामले काकांना सांगितलं, तर म्हणाले, "म्हणजे पिवळं की निळं, तुम्हालाही माहीत नाही? कठीण आहे." पण त्यानंतर ते दर रविवारी विचारतात, कुठपर्यंत आलं.

काल ओवी शेवटच्या प्रकरणाच्या अलीकडे येऊन थांबली. पुस्तकातली मुलगी एका अनोळखी गावच्या स्टेशनवर बसली आहे, आणि गाडी यायची आहे. मध्येच बाबांचा आवाज आला, अगदी फोनजवळ, उतावीळ झालेला.

"ज्योती, तुले त माहीत असन. तू त मांगचं पान पाहून घेत असते. येते काय ते पोरगी घरी?"

गॅस चालू होता. मी तो बंद केला आणि ओट्याला टेकले.

"नाही माहीत, बाबा," मी म्हटलं. "वाचू द्या तिला."