जाळ्याची वाघर

आखाती देशातल्या खाबुरा गावातलं पशुखाद्याचं दुकान सोडून चार वर्षं झाली, पण गुरुवार आला की ते आठवतात. आटपाडीकडचे एक धनगर, तिथल्या एका अर्बाबच्या, म्हणजे मालकाच्या, शेळ्या डोंगरात राखायचे आणि दर गुरुवारी दुकानात यायचे. पोत्यात हात घालून खाद्याचा वास घेतल्याशिवाय घ्यायचे नाहीत. डब्यांवरचं इंग्रजी वाचून सांगायचो, म्हणून मला मास्तर म्हणायचे.

एकदा त्यांनी खाद्याचं नावच काढलं नाही. लांडग्यानं दोन करडं नेली होती.

"अर्बाब म्हणतोय, मेलेल्या शेळीत इख घालून टाक, न्हाईतर गावाकडं जा. हाय का इख, मास्तर?"

मी विषाचा डबा पुढे ठेवला.

"ह्यानं लांडगाच मरतो का?"

"जे खाईल ते मरेल. कोल्हा, कुत्रं, गिधाडसुद्धा."

त्यांनी डबा मागे सरकवला आणि किनाऱ्यावर गेले. मासेमाऱ्यांनी टाकून दिलेलं जाळं खांद्यावर घेऊन परतले, आमच्या पायरीवर बसून फाटक्या जागी गाठी मारू लागले. कळपाभोवती लावायची वाघर, जाळीचं कुंपण, करत होते. गावाकडे माझ्या शाळेमागच्या माळावर मेंढ्यांभोवती अशाच वाघरी लागायच्या. गिऱ्हाईक उभं ठेवून मी बघत राहिलो.

पुढच्या गुरुवारी अर्बाबही सोबत आला.

"ये आदमी पहाड में मछली पकडता है," तो मला म्हणाला.

"आणि लांडगा?" मी धनगरांना विचारलं.

"येतंय रोज. वाघरीभोवती फिरतंय, जातंय."

अर्बाबनं विषाचा विषय काढला नाही. आणखी जुनं जाळं कुठे मिळेल, एवढंच विचारलं.