थडग्यावरची कोनफळं

ईया आलारोचे हात ओशोग्बो शहरात सगळ्यांच्या ओळखीचे. कोपरापर्यंत निळे, नखांच्या मुळाशी काळेभोर. ईया म्हणजे आई, आलारो म्हणजे रंगारीण. खरं नाव मोरेनिके, पण ते फक्त समन्सवर आलं, आणि ते लिहिलं मी. रिवाज कोर्टात मी तेव्हा कारकून होतो.

नवरा गेल्यावर एकोणिसाव्या वर्षी ती शेजारच्या एडे गावाहून चालत आली. ओगुनदिरानने आपल्या घरामागची पडीक जागा तिला दिली. कागद नाही, भाडं नाही. दरवर्षी नव्या पिकाची सहा कोनफळं आणि मूठभर कोलाच्या बिया मालकाच्या हातात ठेवायच्या, म्हणजे जमीन त्याची हे कबूल. बाकी पिढ्यान्पिढ्या राहा. तिने मातीची खोली उभी केली, निळीचे अकरा रांजण गळ्यापर्यंत जमिनीत पुरले. असा रांजण उपटायला गेलं की फुटतो. पोटी पोर नव्हतं. रांजणांना मात्र नावं होती, आणि एखादा आंबेनासा झाला की ती त्याला नाव घेऊन शिव्या घालायची.

ओगुनदिरान म्हातारा होऊन वारला. आमच्या रीतीप्रमाणे त्याला घरातच, ओसरीखाली पुरलं आणि वर सिमेंट केलं. दुपारची कामं आटोपली की ईया त्या सिमेंटला टेकून कापडाच्या गाठी सोडवत बसायची आणि बोलायची. बाजारभाव, गुडघेदुखी, कोणाची सून पळाली. मधेच थांबायची, मान कलती करून ऐकायची, आणि मग हसायची. बायका म्हणायच्या, म्हातारी चळली. पण त्या ओसरीवरून जाताना त्याच बायका आवाज खाली आणायच्या.

म्हाताऱ्याचा मुलगा आकिनलाबी त्या घरात वर्षभर राहिला, आणि एके दिवशी बायको-मुलं घेऊन भाड्याच्या खोलीत गेला. का, ते सांगेना. मग त्याने घर-जागा विकायला काढली आणि ईयाला उठवायला मॅजिस्ट्रेट कोर्टात दावा लावला. मॅजिस्ट्रेटने पहिलाच प्रश्न केला, "भाडं किती?" भाडं नाही म्हटल्यावर, "मग हे माझं काम नव्हे," म्हणून दावा काढून टाकला. आकिनलाबी तोच दावा घेऊन आमच्या दारात आला.

ईयाचा जबाब मी लिहून घेत होतो.

"कोनफळं दरवर्षी दिलीत ना?"

"एक साल चुकवलं न्हाई."

"कोणाच्या हातात?"

"कोणाच्या म्हंजे? ओगुनदिरानबाबाच्या."

"ईया, बाबा जाऊन तीन वर्षं झाली."

"मंग? जागा कुणी दिली हुती? त्या आकिनलाबीनं? त्यो तवा रांगत हुता."

माझा पेन थांबला. कुळाने मालकाला मालक न मानणं, या चुकीला रिवाज कोर्टात माफी मिळणं अवघड. जागा जाणार, रांजणही जाणार. मी आवाज खाली आणला. "ईया, भाडं देत होते म्हणा. दावा पुन्हा मॅजिस्ट्रेटकडे जाईल, चार-पाच वर्षं सहज निघतील."

"आन् बाबाला काय सांगू? की तुमी मला कोनफळांवर ठेवलंच नव्हतं? तू येतोस का सांगायला, चल!"

"बरं, ती कोनफळं जातात कुठे?"

"सांजेला थडग्यावर ठिवते. सकाळी नसत्यात."

"शेळ्या खात असतील."

"कोला खानारी शेळी दाव मला, कारकुना. कापडाचं आख्खं ठान बक्षीस देते तुला."

सुनावणीला अध्यक्ष होते सत्तरीतले एक सरदार. त्यांनी आधी अधिकाराचा मुद्दा निकालात काढला. "भाडं असतं तर आम्ही हात लावला नसता. इथे कोनफळं आहेत. कोनफळांचं भांडण आमच्याच पदरात." लोक हसले. आकिनलाबी उभा राहिला. "साहेब, तीन वर्षांत तिने माझ्या हातावर एक कंद ठेवला नाही. मला मालक मानलंच नाही."

"तुझ्या ओसरीवर तर ठेवले ना? मग उचलले कोणी?"

आकिनलाबीने टोपी काढून हातात घेतली.

"तू उचलले असलेस, तर तू तिचा मान घेतलास आणि ती तुझं कूळ झाली. तू उचलले नसलेस, तर ज्याने उचलले तो तिचा मालक. बोल. आधी लोखंडाला जीभ लाव."

कोयता पुढे आला. आमच्यात लोखंडाची शपथ घेऊन खोटं बोललेला माणूस गाडीखाली नाहीतर कुऱ्हाडीखाली जातो. आकिनलाबीने जीभ लावली.

"मी उचलले नाहीत," तो म्हणाला. "पहिल्या साली दाराच्या फटीतून बघत बसलो होतो. उजाडायला आलं होतं. ओसरीवर कोणी आलं नाही, साहेब. कोणीच आलं नाही. आणि कंद एकेक करून कमी होत गेले."

कोर्टात कोणी हसलं नाही. जागा ईयाकडेच राहिली; फक्त यापुढे कोनफळं मुलाच्या हातात द्यायची, असा हुकूम झाला.

नव्या कोनफळांच्या दिवसांत मला साक्षीला पाठवलं. भर दुपार. ईया पाटी घेऊन अंगणात उभी, आकिनलाबी कुंपणाबाहेर रस्त्यावर.

"घे रं, मालका," ती म्हणाली आणि वाकली.

त्याने हात पाठीमागे घेतले. "मला नको, ईया. त्यांनाच दे. तू राहा, हवी तितकी वर्षं राहा. मी विकत नाही. मला फक्त मालक म्हणू नकोस."

"बघा," ईया ओसरीकडे तोंड करून म्हणाली, "अजून भितंय तुमचं पोरगं."

रिकाम्या ओसरीवर कोणीतरी घसा खाकरला. मी आकिनलाबीकडे पाहिलं. त्याने चपला काढल्या, रस्त्याच्या धुळीत पालथा पडला आणि बापाला दंडवत घातला.