निवणाची खाण

कुदळ डोक्यावर उचलायची, कान खडकाकडे तिरका करायचा आणि वर न बघता म्हणायचं, "परत सांगा." रत्नागिरीतल्या निम्म्या भाऊबंदांनी हे दोन शब्द ऐकलेले आहेत. तुम्हीही ऐकले असतील. कबूल करणार नाही, एवढंच.

हे म्हणणारा म्हातारा जातीचा निवणे. हातखंब्याच्या अलीकडे सड्यावर, उघड्या कातळमाळावर, जांभ्या दगडात एक खोल खाण आहे आणि तिच्या पोटात पांढऱ्या भुकटीसारखं निवण असतं. भांडणाऱ्या दोघांनी चिमूटचिमूट खाल्लं की वीस वर्षांचं वैर चहा निवेपर्यंत उतरतं. पण ते काढायची रीत वेगळी. ज्याला निवण हवं त्याने काठावर बसून भांडणाची हकीकत सांगायची, आणि तीसुद्धा समोरच्याच्या बाजूने. खाली निवणे कुदळ मारणार. वरचा खरं बोलला तर खडक भाकरीसारखा मोडतो, खोटं बोलला तर कुदळ ठणकन उडते. बोलणारा आणि खणणारा एकच असून चालत नाही. आणि त्या खड्ड्यात उतरेल तो निवणे, बाकी कोणी उतरायचं नाही, हेही पिढ्यान्‌पिढ्या ठरलेलं.

मी वकील. आमच्याकडे लोक फणसाच्या एका झाडासाठी तीन पिढ्या कोर्टात येतात आणि त्यावर माझं घर चालतं. तेव्हा हा म्हातारा म्हणजे माझा धंद्यातला शत्रूच.

माझे एक अशील होते, निवृत्त हेडमास्तर. चुलतभावाशी फणसावरून दावा चाललेला. बायकोने हट्ट धरला म्हणून एकदा काठावर येऊन बसले. साक्षीदार म्हणून मी.

"फणस आमच्या वडिलांनी लावला," गुरुजी म्हणाले. ठण.

"परत सांगा, गुरुजी."

"म्हणजे काकांनी लावला, पण पाणी आम्ही घातलं." ठण.

"परत सांगा."

उन्हं कलली तेव्हा गुरुजी हुंदके देत म्हणाले, "फणस त्याचाच आहे रे. मला फक्त तो त्याला मिळायला नको होता." खाली खडक मोडल्याचा आवाज आला. दुसऱ्या दिवशी दोघे भाऊ एका पंगतीला बसले आणि मी दावा काढून घ्यायचा अर्ज लिहीत बसलो.

पुढे माझं आणि मेव्हण्याचं वाजलं, तेव्हा मीही गेलो. चांगला मुद्देसूद बोललो. तासाभराने खालून आवाज आला, "साहेब, तुमी उद्या या. आज कुदळीचं पातं गेलं."

निवण तोंडात टाकायला कोणाची हरकत नव्हती. त्याने घामाघूम होऊन काढलेलं, त्याच्या हाताने पुडीत बांधलेलं, ते आम्ही बोटं चाटून खायचो. चहा मात्र त्याला अंगणात, कागदी कपात. बाकी सगळ्यांना काचेच्या. "स्वच्छतेच्या दृष्टीने बरं," असं एकदा मीच म्हणालो होतो. जातपात आता राहिलीय कुठे? मांडवीला एका मंडळाने त्याचा सत्कार केला, तिथेही प्रत्येक वक्ता हेच म्हणाला. मग अध्यक्षांनी शाल इतक्या लांबून टाकली की ती त्याच्या एका कानाला अडकून लोंबायला लागली. म्हातारा तसाच उभा राहिला. "सायबांचा नेम चुकला," एवढंच म्हणाला.

यंदा शिमगा झाल्यावर तो माझ्या ऑफिसात आला. बस म्हटलं तरी बसला नाही. त्याच्या मुलाने मुंबईत आडनाव बदललं होतं आणि लग्नात सासरच्यांना बापाची ओळख 'गावचे एक ओळखीचे' अशी करून दिली होती. म्हातारा मांडवातूनच परत फिरला होता. त्याला सात वर्षं झाली, बोलणं बंद.

"नाव बदललंन तां बरोबर केलंन," म्हातारा म्हणाला. "ह्या नावाचा मला तरी काय उपयोग झाला? ह्याच बोलायचाय मला, साहेब, वर बसून. कोणीतरी खाली उतराया हवा. तासभर फक्त. बाकीचे निवणे मुंबईला गेले, त्यांनीपण नावं बदलली. मरायच्या आधी पोराला बघायचाय."

माझा हात आपोआप कमरेवर गेला. माझी कमर उत्तम आहे. "मणक्याचा त्रास आहे," मी म्हणालो, "डॉक्टरांनी वाकायला बंदी केलीय."

तो 'परत सांगा' म्हणाला नाही. एका चिठ्ठीवर लिहिलेला मुलाचा नंबर टेबलावर ठेवला, "लागला तर असू दे" म्हणाला आणि गेला. मला लाज वाटली. मग एका अशिलाचा फोन आला आणि मी कामाला लागलो.

तो गुरुजींकडेही गेला होता. गुरुजींनी गुडघा सांगितला.

मग त्याने एकट्यानेच सुरू केलं. काजू गोळा करणारी एक बाई रोज बघायची. काठावर बसून खड्ड्याशी बोलायचा, मग धडपडत शिडी उतरून कुदळ मारायचा. ठण. परत वर, परत खाली. त्या वयात, मे महिन्याच्या उन्हात. एके दिवशी सकाळी तिने हाका मारल्या तर खालून उत्तर आलं नाही. शिडीची पायरी मोडून तो पडला होता.

आम्ही सगळे जमलो, झाडून सगळे. पंचनामा वरूनच झाला. उतरायचं म्हटल्यावर सड्यावर कमरा, गुडघे आणि मणके यांचं संमेलनच भरलं. मी मुलाला फोन लावला. तो मुंबईहून संध्याकाळी पोचला, कोणाशी बोलला नाही, बूट काढले आणि दोर धरून उतरला.

बापाचं डोकं मांडीवर घेऊन तो म्हणाला, "बाबा, मी बायकोला अजून खरं सांगितलेलं नाही. त्या दिवशी तुम्ही मांडवातून निघून गेलात ना, तेव्हा मला सुटल्यासारखं वाटलं होतं."

त्याचं बोलणं संपायच्या आत, कुदळीचा घाव पडलेला नसताना, खडकातून निवण गळायला लागलं. इतकं मी आयुष्यात पाहिलं नव्हतं. म्हाताऱ्याचे पाय त्यात बुडून गेले. मी तोंड फिरवून डोळे पुसले, खरोखर पुसले.

"वाया जाईल हो ते," गुरुजी माझ्या कानाशी पुटपुटले. "तो खाली आहेच, तर भरून दे म्हणावं. पिशवी आहे का कोणाकडे?"

पिशवी माझ्या गाडीत होती. मी आणायला गेलो.