शेजाऱ्याला वाचून दाखवलेला मनाईहुकूम

महाराजांच्या कारकिर्दीतली गोष्ट. मी तेव्हा कोल्हापुरात सरकारी शाळेत मास्तर होतो. बायको जाऊन दोन वर्षं झाली होती, मूलबाळ नव्हतं, आणि शाळा सुटल्यावर माझ्याशी दोन शब्द बोलणारा माणूस एकच, माझा मुसलमान शेजारी. तो पागेतल्या घोड्यांची खोगिरं शिवायचा. चामड्यावर त्याचा हात असा चाले की बघत राहावं. अक्षरओळख मात्र शून्य. घरात आलेला प्रत्येक कागद घेऊन तो माझ्या कट्ट्यावर यायचा. त्याची लेक गगनबावड्याला दिली होती. तिची पत्रं माझ्याच पत्त्यावर येत, कारण वाचणार मीच. तिच्या सासरचा पाऊस, सासूचा स्वभाव, गाभण म्हैस, सगळं मला पाठ होतं.

त्या वर्षी ती पहिल्या बाळंतपणाला माहेरी येणार होती. शेजाऱ्याचं घर म्हणजे एकच खोली, तीही चामड्यानं भरलेली. म्हणून त्यानं आमच्या दोन घरांमधल्या पट्टीत पाया खणला, मला न विचारता. जागा जेमतेम पाच हात रुंद, पण मास्तरकीचा ताठा फार वाईट. मी तणतणत गेलो.

"भाई, ही जागा माझी आहे."

"तुमच्या वडलांनी आमच्या बाला दिल्याली हाय की, तोंडानं."

"मग कागद दाखवा."

तो हसला. "आमचं समदं कागद तुमीच वाचताय. आस्ता तर तुमास्नी म्हाईत न्हाय व्हय?"

त्याचं ते हसणं मला झोंबलं. वडिलांनी पट्टी दिल्याचं मी लहानपणी त्यांच्याच तोंडून ऐकलं होतं. तरी मी वकील गाठला आणि त्याला ते सांगितलं नाही. त्यानंही विचारलं नाही. जुनी सनद माझ्या बाजूची, तेवढं त्याला पुरे होतं. "आधी तात्पुरता मनाईहुकूम आणू," तो म्हणाला, "पंधरा दिवसांत समोरचा नरम पडतो."

हुकूम आला तेव्हा भिंत कमरेपर्यंत चढली होती. बेलीफानं तिची उंची हातानं मोजून लिहून घेतली, एक नक्कल भिंतीला चिकटवली, दुसरी शेजाऱ्याला देऊन त्याचा अंगठा घेतला आणि घाईघाईत काहीतरी पुटपुटून निघून गेला. मी आतून खिडकीच्या फटीतून बघत होतो. गवंडी आपली थापी धुऊन घरी गेला.

संध्याकाळी माझी कडी वाजली. शेजारी दारात, हातात तो कागद.

"मास्तर, वाचा की."

"भाई, हा दावा मीच..."

"म्हाईत हाय. पर वाचणार दुसरं कोण?"

मी वाचला. शाळेत धडा वाचावा तसा, खणखणीत. दाव्याचा निकाल लागेपर्यंत प्रतिवादीनं बांधकाम पुढे नेऊ नये. नेल्यास वादीचं न भरून येणारं नुकसान होईल.

"वादी म्हंजे तुमी?"

"हो."

"तुमचं कसलं नुकसान?"

मी कागद त्याच्यापुढे धरला. त्यानं कागदाची नीट घडी घातली. "पोरगी कवा आणू मग?" त्यानं विचारलं. तेवढ्यावर मी "चला, उद्या दावा काढून घेतो" म्हणायला हवं होतं. शब्द जिभेवर आले होते. मी म्हणालो, "ते कोर्ट ठरवेल." लाज वाटते लिहिताना, पण अगदी हेच म्हणालो.

पंधरा दिवसांचे पाच महिने झाले. तारखेवर तारीख पडत गेली. कोर्टात आम्ही दोघं एकाच बाकावर बसायचो, मध्ये एक माणूस मावेल एवढी जागा सोडून. पावसाळा आला, बिनछपराच्या भिंती भिजून ढासळल्या. लेक आली नाही. ती सासरीच राहिली. माझा कट्टा रिकामा पडला. शाळेतून आलो की कधी कधी दुसऱ्या दिवशीच्या सकाळपर्यंत माझा आवाज मलाच ऐकू येत नसे.

श्रावणात टपालवाल्यानं सवयीनं पाकीट माझ्या हातात दिलं. गगनबावड्याचा शिक्का. दिवस भरत आलेले मला ठाऊक होते, जीव थाऱ्यावर राहिना. पाकीट पालथं घालून बघितलं, उघडलं मात्र नाही. तसाच त्याच्या दाराशी गेलो. त्यानं ते दोन्ही हातांनी घेतलं, कपाळाला लावलं.

"वाचू?" मी विचारलं.

"नगं मास्तर. तुमास्नी कशाला तरास." आवाजात राग नव्हता. पाहुण्याशी बोलावं तसं बोलला. चपला पायात सरकवल्या आणि पावसातच कचेरीकडे निघाला. तिथे पडवीत अर्ज लिहून देणारे बसत.

मी अंधार पडेपर्यंत कट्ट्यावर बसलो, येताना त्याचा चेहरा तरी दिसेल म्हणून. तो मागच्या बोळातून घरात गेला. दिवाळीनंतर त्यानं बिऱ्हाड दुसऱ्या पेठेत हलवलं. त्या पोरीला मुलगा झाला की मुलगी, ती सुखरूप सुटली की नाही, मला आजही माहीत नाही.