सासूबाईंची शिट्टी आणि क्वार्टरबॅकचा खांदा

आमच्या क्लिनिकची मालकीण ट्रेसी हातात उशी घेऊन धावत आली आणि सव्वासहा फुटी वेस्लीने बॉल पोटाशी घट्ट धरून अंग चोरलं. ट्रेसी जेमतेम पाच फुटांची आहे. उशी फोमची होती.

“बघितलंस?” वेस्ली मला म्हणाला. “कोणी अंगावर आलं की हात वर जातच नाही.”

“खांद्याला काही झालेलं नाही,” ट्रेसी धापा टाकत म्हणाली. “मेधा, डिस्चार्ज दे याला. आणि सरळ रग्बी खेळ म्हणावं, हेल्मेटचा खर्च वाचेल.”

मी मूळची पुण्याची, इथे किवींच्या देशातल्या अल्बनीत फिजिओथेरपिस्ट आहे. वेस्ली अमेरिकन. तिथल्या फुटबॉलमध्ये पायाला फारसं काम नसतं. बॉल हातात घेऊन पळतात किंवा फेकतात, आणि फेकणारा मुख्य गडी म्हणजे क्वार्टरबॅक. समोरून फ्रिजएवढी माणसं त्याला आडवं करायला येत असतात. त्याने त्यांच्याकडे लक्ष न देता लांबवर आपला गडी हेरायचा आणि बॉल सोडायचा.

कॉलेजात असताना वेस्लीचा चेहरा गावातल्या बसच्या पाठीवर असायचा. पुढे एका प्रोफेशनल टीमने त्याला घेतलं, पण तिथे तो तिसऱ्या नंबरचा, म्हणजे टोपी घालून बाउंडरीबाहेर उभा राहणारा. मग कॅनडा, आणि मग आमच्याकडे, जिथे मॅच रग्बीच्या मैदानावर होते आणि जर्सी ज्याची त्याने धुवायची. हे सगळं तो हसत हसत सांगायचा.

मागच्या सीझनला हात मागे नेलेला असताना कोणीतरी येऊन आदळलं आणि त्याचा खांदा निखळला. ऑपरेशन झालं. ताकद आली, हात पूर्ण फिरायला लागला, सर्जनने खेळायची परवानगी दिली. राहिलं ते एकच. आम्ही त्याला ॲप्रिहेन्शन म्हणतो. सांधा बरा झालेला असतो, पण मेंदूचा अजून त्याच्यावर भरवसा बसलेला नसतो.

युरोपातल्या एका क्लबला क्वार्टरबॅक हवा होता. सीझनच्या शेवटच्या मॅचचा व्हिडिओ बघून ते ठरवणार होते. मॅचला महिना उरला होता.

“नाही जमलं तर घरी जाऊन मेहुण्याच्या दुकानात गाद्या विकेन,” वेस्ली म्हणाला. “गाद्या चांगल्या असतात.” आणि तो उगाच बुटाची नाडी सोडून पुन्हा बांधायला लागला. मला फार वाईट वाटलं.

त्या संध्याकाळी घरी आले तर सासूबाई दिवाणखान्यात शिट्टी पुसत बसल्या होत्या. साताऱ्याच्या मुलींच्या शाळेत त्या पीटीच्या बाई होत्या. इथे सहा महिन्यांसाठी आल्या आणि पंधरा दिवसांत त्यांनी इथल्या मराठी मंडळातल्या बायकांची थ्रोबॉलची टीम उभी केली. पलीकडच्या हिल्सबरो उपनगरातल्या बायकांच्या टीमला हरवायचं, हा त्यांचा या देशातला एकमेव कार्यक्रम होता.

थ्रोबॉल आपल्याकडे मुलींच्या शाळेत शिकलेल्या कोणालाही सांगायला नको. नेटपलीकडून आलेला बॉल दोन्ही हातांनी झेलायचा आणि तीन सेकंदांच्या आत एका हाताने खांद्यावरून परत फेकायचा. उशीर केला की फाउल. त्या शिट्टीकडे बघताना माझ्या डोक्यात लख्ख प्रकाश पडला.

दुसऱ्या दिवशी ट्रेसीला सांगितलं, वेस्लीला सासूबाईंच्या थ्रोबॉलला पाठवते. “यामागे क्लिनिकल कारण काय?” तिने विचारलं.

“डोकं जागं व्हायच्या आत हात मोकळा व्हायला हवा.”

“स्वीट ॲज,” ती म्हणाली, म्हणजे इथल्या भाषेत ‘झकास’. “आणि नाही झाला तर?”

“तर गाद्या.”

रविवारी वेस्ली शाळेच्या हॉलमध्ये आला. सासूबाईंनी त्याला वरपासून खालपर्यंत न्याहाळलं. “मेधा, याला लुगडं नेसवून टीममध्ये घेता येईल का गं?”

“नाही, आई.”

“मग असू दे. उभा राहा रे तिथे.”

पहिला बॉल वेस्लीने झेलला, छातीशी आणला आणि इकडेतिकडे बघायला लागला. शिट्टी वाजली.

“अरे सोड! अंडी उबवतोयस का?”

“त्या काय म्हणतायत?” त्याने घाबरून मला विचारलं.

“लेट गो.”

“बाकीचं?”

“बाकीचं टेक्निकल आहे.”

त्या दिवशी शिट्टी इतक्या वेळा वाजली की शाळेचा केअरटेकर आग लागली का बघायला आला. पण माझं लक्ष वेस्लीच्या खांद्याकडे होतं. शेवटी शेवटी तो बॉल झेलून फेकत होता आणि मधे काहीच नव्हतं. अंग चोरणं नाही, विचार नाही. मला टाळ्या वाजवाव्याशा वाटल्या. मी बर्फाची पिशवी भरायला गेले.

पुढच्या रविवारी पुढची पायरी. त्याच्या हातात त्याचा स्वतःचा बॉल, आणि समोरून जिमची गादी घेऊन सुषमा. सुषमा कांबळे सिव्हिल इंजिनिअर आहे, पूल बांधते. ती धावत आली ती पुलासकट आल्यासारखी. वेस्लीने बॉल पोटाशी धरला आणि दोघं गादीवर कोसळले.

“सोड!” सासूबाई गरजल्या. “पुन्हा!”

सहाव्या-सातव्या वेळी सुषमा पोहोचायच्या आत बॉल हॉलच्या दुसऱ्या टोकाला गेला होता. त्यानंतर दोघी धावल्या, मग चौघी. बायका इतक्या हसत होत्या की कोणालाच उठता येईना. वेस्ली सर्वांत खाली होता आणि तोही हसत होता.

मॅचच्या दिवशी मैदानाच्या कडेला मूठभर प्रेक्षक होते आणि त्यांतली निम्मी आमची टीम होती, डब्यात बटाटेवडे घेऊन. वेस्ली बरा खेळला. शेवटची काही मिनिटं उरली तेव्हा टीम थोडक्या गुणांनी मागे होती. त्याने बॉल घेतला, हात मागे नेला, आणि डावीकडून एक फ्रिज सुटला. नेमक्या त्याच जागी खांदा निखळला होता. मी डोळे मिटले.

“सोड!”

थाड असा आवाज आला. डोळे उघडले तेव्हा वेस्ली त्या माणसाखाली दिसेनासा झाला होता. मी बॅग घेऊन धावले. तो उताणा पडला होता आणि तोंडात गवत असूनही हसत होता.

“खांदा?” मी विचारलं.

“कुठला खांदा?” तो म्हणाला. “डॉक, बॉल कुठे आहे?”

बॉल पार पलीकडे त्याच्या गड्याच्या हातात होता आणि तो गडी वेड्यासारखा नाचत होता. ट्रेसीने माझ्या सासूबाईंना उचललं. त्यांना ते अजिबात आवडलं नाही.

युरोपच्या क्लबने वेस्लीला घेतलं. हिल्सबरोशी आम्ही सपाटून हरलो. सासूबाई साताऱ्याला परतल्या, पण दर फोनवर विचारतात, “तो गादीखालचा मुलगा वेळेवर सोडतो ना गं?”

सोडतो. आणि फिजिओ म्हणून मी एवढं शिकले की दुखण्याची भीती घालवायला पेशंटला त्याहून मोठी भीती द्यावी लागते. ती कुठल्याही क्लिनिकमध्ये मिळत नाही. व्हिजिटर व्हिसावर बोलवावी लागते.